कमलाबाई गोखले : पडद्यावर आलेली पहिली मुलगी



दिवाळीची सुट्टी संपली की आपल्या शाळेत स्नेहसंमेलनाची गडबड सुरू होते. नाटकाची निवड होते, पात्रांची यादी फलकावर लागते आणि त्यानंतर आठवडाभरात एखाददुसरे पालक मला भेटायला येतात. मुलीचे नाव नाटकातून काढा, एवढेच त्यांचे म्हणणे असते. नृत्य चालेल, गाणे चालेल, पण नाटक नको. मुलाचे नाव काढा असे सांगायला माझ्या आठवणीत अद्याप कोणी आलेले नाही.

यंदा आठवीतल्या एका मुलीचे आजोबा आले. मूळचे पेडण्याकडचे, नोकरीनिमित्त वास्कोत येऊन इथलेच झालेले. बोलता बोलता कळले की तरुणपणी त्यांनी दशावतारात स्त्रीपार्ट केले होते. जत्रेच्या काल्यात लुगडे नेसून, अंबाडा घालून ते पहाटेपर्यंत रंगमंचावर उभे राहत. गावाने त्यांचे कौतुकच केले. पण नातीने नाटकात काम करावे, हे मात्र त्यांना पटेना. मी त्यांना बसवून घेतले, चहा मागवला आणि एका बाईंची गोष्ट सांगितली. तीच आज आपणा सर्वांसाठी जरा सविस्तर लिहीत आहे.

आपल्यापैकी मोठ्यांना दूरदर्शनवरची 'उडान' मालिका आठवत असेल. १९८९ च्या सुमारास ती सुरू झाली. कल्याणी नावाची मुलगी शिकते आणि पोलीस अधिकारी होते, अशी तिची कथा. कविता चौधरी यांनी ती लिहिली, दिग्दर्शित केली आणि कल्याणीचे कामही स्वतःच केले. त्यांच्या बहीण कांचन चौधरी भट्टाचार्य प्रत्यक्षात पोलीस अधिकारी होत्या आणि पुढे २००४ साली उत्तराखंडच्या पोलीस महासंचालक झाल्या. देशात या पदावर पोचलेल्या त्या पहिल्या महिला. मालिकेत मुलीच्या पाठीशी उभा राहणारा बाप होता बिशन सिंग. मी तेव्हा हिंदी माध्यमातून पदवीचे शिक्षण घेत होते. आम्हा मैत्रिणींत पैज लागायची की हा नट पंजाबी की उत्तर प्रदेशचा. नामावलीत विक्रम गोखले हे नाव दिसले तेव्हा माझी मान जरा ताठ झाली, हे कबूल करते. पुढे मराठी प्रेक्षकांनी त्यांना 'या सुखांनो या' आणि 'अग्निहोत्र' या मालिकांत पाहिले. त्याआधीचे त्यांचे 'बॅरिस्टर' हे नाटक पाहिलेले लोक अजूनही त्याविषयी बोलतात. 'अनुमती' या मराठी चित्रपटासाठी त्यांना उत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २६ नोव्हेंबर २०२२ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. त्यांचे वडील चंद्रकांत गोखले हेही मोठे नट होते. पण माझी गोष्ट या दोघांची नाही. ती विक्रम गोखल्यांच्या आजीची आहे, आणि तिच्याही आधी पणजीपासून सुरू होते.

पणजी म्हणजे दुर्गाबाई कामत. त्यांचे यजमान आनंद नानोस्कर मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकवीत. कामत काय, नानोस्कर काय, आपल्या गोव्यातल्या वाचकाला ही आडनावे परकी वाटणार नाहीत. १९०० च्या सुमारास त्यांना कन्या झाली, तीच कमला. मुलगी तीन वर्षांची असताना नवराबायको विभक्त झाले. आज हे वाक्य आपण सहज वाचतो. १९०३ साली नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या ब्राह्मण घरातल्या बाईपुढे काय होते, याचा विचार करून पाहावा. माहेरी आश्रितासारखे राहणे, कोणाच्या तरी घरी स्वयंपाकपाणी करणे, नाहीतर याहून वाईट काही. दुर्गाबाईंनी यातले काहीच केले नाही. मुलीला कडेवर घेऊन त्या फिरत्या नाटक कंपनीत दाखल झाल्या. घरंदाज बाईने तोंडाला रंग लावणे म्हणजे घराण्याचे नाक कापणे, असे मानण्याचा तो काळ होता. जातभाईंनी त्यांना दूर केले.

त्या वेळच्या मराठी रंगभूमीवर बायकांची कामे पुरुषच करीत. बालगंधर्वांचे नाव तर सर्वांना ठाऊक आहे. आपल्या मंगेशीचे मास्टर दीनानाथ 'भावबंधन' नाटकात लतिका होत. लोक ही रूपे डोळे भरून पाहत, घरी जाऊन त्यांच्या लुगड्यांची चर्चा करीत. म्हणजे रंगमंचावर स्त्री दिसलेली सर्वांनाच हवी होती, फक्त ती खरी स्त्री नको होती. आजोबांना मी हे सांगितले तेव्हा ते काही बोलले नाहीत. चहाचा कप मात्र त्यांनी खाली ठेवला.

गोव्यातल्या तियात्राची गोष्टही जवळपास याच काळातली आहे. तियात्रातही सुरुवातीला स्त्रियांची कामे पुरुष करीत. तियात्राचे जनक म्हणून ज्यांना मान मिळतो त्या जुआंव आगुस्तीन फर्नांडिस यांनी १९०४ साली आपल्या 'भाटकार' तियात्रात आपल्या पत्नीला, रेजिना यांना, उभे केले. मुंबईत घडलेली ही गोष्ट. एकीकडे नवऱ्याच्या हाताला धरून रेजिनाबाई रंगमंचावर आल्या. दुसरीकडे नवऱ्याचा आधार सुटल्यावर दुर्गाबाई आल्या. भाषा वेगळी, धर्म वेगळा, पण दोघींमध्ये एखाद्या वर्षाचेच अंतर आहे.

छोटी कमला चार वर्षांची असल्यापासून रंगमंचावर कामे करू लागली. कंपनीत बिऱ्हाड म्हणजे आज या गावी, महिन्याने त्या गावी. बैलगाड्या, ट्रंका, पडदे, पेटी-तबला आणि माणसे असा सगळा संसार हलत असे. मुक्काम हलत राहिला की शाळा एका जागी धरता येत नाही. एका शाळेची मुख्याध्यापिका म्हणून मी इथे थांबते. चार वर्षांच्या मुलीने कमावणे यात कौतुक करण्यासारखे काही नाही. आज आपण ते होऊ देणार नाही आणि होऊ देऊ नये. पण त्या मायलेकींना निवड करण्याची चैन नव्हती, हेही तितकेच खरे. कमलाबाई जे शिकल्या ते पाठांतरातून, गाण्यातून, नटांच्या उठण्याबसण्यातून. विंगेत उभे राहून नाटकेच्या नाटके त्यांच्या कानावरून गेली आणि तिथेच राहिली.

आता जरा मुंबईकडे वळू. त्र्यंबकेश्वरला जन्मलेले धुंडिराज गोविंद फाळके हेही जे. जे. स्कूल ऑफ आर्टचे विद्यार्थी. १९१२ साली त्यांनी 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट करायला घेतला. तारामतीसाठी त्यांना बाई हवी होती. जाहिराती दिल्या, ओळखीपाळखीत विचारले, नाचगाण्याच्या वस्तीतही चौकशी केली. कोणी येईना, आलेली टिकेना. ज्या बायकांना समाजाने आधीच बाजूला टाकले होते, त्यांनाही सिनेमात काम करणे कमीपणाचे वाटले, यावरून त्या धंद्याची पत ओळखावी. शेवटी एका खाणावळीत काम करणारे अण्णा साळुंके सापडले. नाजूक बांध्याचे, लांब बोटांचे. त्यांनाच मिशी काढून तारामती केले. रोहिदासाचे काम फाळक्यांच्या मुलाने, भालचंद्राने केले. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन थिएटरात चित्रपट लागला आणि गर्दी लोटली.

यशानंतर फाळक्यांनी आपले बिऱ्हाड नाशिकला हलवले आणि दुसरा चित्रपट हाती घेतला, 'मोहिनी भस्मासुर'. कथा आपल्या मुलांना माहीत असेलच. ज्याच्या डोक्यावर हात ठेवू तो भस्म होईल, असा वर शंकराकडून मिळवलेला असुर. त्याच्या नाशासाठी विष्णू मोहिनीचे रूप घेतात, मोहिनी नाचते, तिच्या मुद्रांची नक्कल करता करता असुर स्वतःच्याच डोक्यावर हात ठेवतो. या कथेत सगळा भार मोहिनीवर. चित्रपट मूक, त्यामुळे शब्दांची मदत नाही. जे सांगायचे ते अंगाने आणि चेहऱ्याने. इथे साळुंके चालले नसते. फाळक्यांना चित्ताकर्षक नाटक मंडळीतल्या मायलेकी मिळाल्या. दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि तेरा-चौदा वर्षांची कमला मोहिनी. भारतीय चित्रपटाच्या पडद्यावर आलेल्या या पहिल्या दोन स्त्रिया. एकाच चित्रपटात आई आणि मुलगी. आज आपल्या आठवीच्या वर्गात बसणाऱ्या मुलींच्या वयाची ती होती, हे मी त्या वर्गात सांगितले तेव्हा सगळ्या मुली एकदम एकमेकींकडे बघू लागल्या.

यापुढे फाळक्यांचे सगळे प्रश्न सुटले असे मात्र नाही. १९१७ च्या 'लंकादहन' चित्रपटात राम आणि सीता दोन्ही साळुंक्यांनीच केले. एक दार उघडले म्हणून लगेच रांग लागली नाही. १९१९ साली 'कालिया मर्दन'मध्ये बाळकृष्ण म्हणून फाळक्यांनी आपल्या लेकीला, मंदाकिनीला उभे केले. दुसऱ्यांच्या मुली येत नाहीत तर आपली मुलगी आहे, हा मार्ग मला फार आवडतो.

कमलाबाईंचे लग्न चित्ताकर्षक मंडळीतल्याच रघुनाथराव गोखल्यांशी झाले. वय लहानच होते, तेव्हाच्या रीतीप्रमाणे. रघुनाथराव स्वतः तरुणपणी स्त्रीभूमिका करीत. नंतर ते नायक आणि कमलाबाई नायिका, अशी जोडी जमली. नवराबायको नायक-नायिका म्हणून समोरासमोर उभे राहतात, हेही प्रेक्षकांना नवेच होते. संसार आणि कंपनी ही दोन कामे वेगळी नव्हतीच. १९२१ च्या जानेवारीत मिरजेला चंद्रकांत जन्मले, पाठोपाठ लालजी.

आणि मग कमलाबाईंच्या पंचविशीत रघुनाथराव वारले. तिसरे मूल पोटात होते.

आईची गोष्ट लेकीच्या वाट्याला पुन्हा आली असे कोणी म्हणेल. मला तसे वाटत नाही. दुर्गाबाईंना कंपनीच्या दारात उभे राहून आत घ्या म्हणावे लागले होते. कमलाबाईंच्या हातात तोपर्यंत स्वतःचे काम होते. त्या गात, अभिनय करीत, नाटके त्यांना मुखोद्गत होती. पदरी तीन मुले, कंपनी विस्कटत चाललेली, अशा स्थितीत त्यांनी मिळेल ते काम घेतले. वेळप्रसंगी पुरुषभूमिकाही केल्या. नवरा एकेकाळी लुगडे नेसून उभा राहिला होता, बायकोने आता फेटा बांधला. फरक एवढाच, की त्याच्या पाठीशी त्या काळची रूढी होती आणि तिच्या पाठीशी घरातली तीन पोरे.

१९३१ साली बोलपट आले. ज्यांना गाता आणि स्पष्ट बोलता येते अशा माणसांची गरज निर्माण झाली, आणि रंगभूमीवर तयार झालेल्या बायकांना काम मिळू लागले. कमलाबाई पुन्हा पडद्यावर आल्या. सगळे मिळून सुमारे ३५ चित्रपट त्यांनी केले. पहिला मूकपट १९१३ चा आणि शेवटचा 'गहराई' १९८० चा. तेव्हा त्यांचे वय ऐंशीच्या घरात होते. मधली बहुतेक कामे दुय्यम, चरित्र-भूमिकांची. 'पहिली नायिका' म्हणून मिरवत त्या घरी बसल्या नाहीत. बसणे त्यांना परवडलेही नसते.

याच वर्षांत बाकीची दारेही एकेक करून उघडत होती. १९२९ पासून हिराबाई बडोदेकर आपल्या भावंडांसह संगीत नाटकात स्त्रीभूमिका स्त्रियांनीच करण्याचा पायंडा पाडत होत्या. १९३२ साली 'अयोध्येचा राजा' या बोलपटात दुर्गा खोटे तारामती झाल्या. ज्या भूमिकेसाठी वीस वर्षांपूर्वी फाळक्यांना एक बाई मिळाली नव्हती, ती भूमिका मुंबईच्या सुखवस्तू घरातली महाविद्यालयात शिकलेली स्त्री करीत होती. त्यांच्याही वाट्याला टीका आलीच. याच दुर्गाबाईंच्या संस्थेने पुढे १९८८ साली दूरदर्शनसाठी 'वागळे की दुनिया' काढली, हे जाता जाता सांगते. १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा' या नाटकात ज्योत्स्ना भोळे उभ्या राहिल्या. त्या तर आपल्या बांदिवड्याच्या.

कमलाबाईंच्या मुलांकडे पाहिले की त्या घरात काय पेरले गेले ते दिसते. चंद्रकांत लहानपणीच रंगभूमीवर आले आणि आयुष्यभर नट राहिले. लालजी आणि सूर्यकांत तबल्याकडे वळले. लालजी तर उस्ताद अहमदजान थिरकवा यांचे शिष्य. तिघेही कलेवर जगले. चंद्रकांत गोखल्यांबद्दल आणखी एक गोष्ट मुलांनी लक्षात ठेवावी अशी आहे. सैनिकांच्या कल्याणासाठी ते आपल्या कमाईतून सातत्याने देणगी देत. फार मोठा पैसा मिळवलेला हा नट नव्हे. राहणी साधी, आणि देणगीचा नेम चुकायचा नाही. २० जून २००८ रोजी ते गेले. त्यांचे चिरंजीव विक्रम यांचा उल्लेख वर आलाच आहे.

दुर्गाबाई, कमलाबाई, चंद्रकांत, विक्रम. फिरत्या कंपनीच्या बैलगाडीपासून घराघरातल्या दूरचित्रवाणी संचापर्यंत हा चार पिढ्यांचा प्रवास आहे. ज्या पणजीला नाटकात गेली म्हणून लोकांनी बाजूला केले, तिच्या पणतूला पाहण्यासाठी तेच लोक रात्रीची जेवणे लवकर आटोपू लागले. आणि त्या पणतूने दूरदर्शनवर काम कोणते केले, तर मुलीला अडवू पाहणाऱ्यांपुढे उभ्या राहणाऱ्या बापाचे.

कमलाबाईंचे उत्तरायुष्य पुण्यात गेले. नव्वदीच्या उंबरठ्यावर असताना रीना मोहन यांनी त्यांच्यावर 'कमलाबाई' हा माहितीपट केला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. शरीर थकलेले, पण जुन्या नाटकांतले प्रवेश ओठांवर तयार. फाळक्यांबरोबर काम केलेले फार थोडे लोक तेव्हा हयात असतील. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस, वयाची पंच्याण्णव वर्षे उलटून गेल्यावर त्यांचे निधन झाले. आपल्या काही पालकांचा जन्म त्या वेळी झालेला होता, म्हणजे ही काही फार जुनी पुराणकथा नव्हे.

पाठ्यपुस्तकांत फाळक्यांवर धडा असतो आणि तो असायलाच हवा. साळुंके तारामती झाले ही गंमतही मुलांना माहीत असते. पण मी यंदा तीन वर्गांत विचारून पाहिले, कमलाबाईंचे नाव एकाही हाताने वर आले नाही. शिक्षकांच्या खोलीतही स्थिती फार वेगळी नव्हती, आणि काही वर्षांपूर्वीपर्यंत मीही त्यांच्यातलीच एक होते. विक्रम गोखल्यांच्या निधनानंतर त्यांच्या घराण्याविषयी वाचायला घेतले तेव्हा मला या मायलेकी भेटल्या. ग्रंथपालांना विनंती करून भारतीय चित्रपटाच्या आरंभकाळाविषयी काही पुस्तके मागवली आहेत. सातवीपासूनच्या मुलांनी ती जरूर चाळावीत.

राहिला प्रश्न आजोबांचा. सगळे ऐकून त्यांनी हो म्हटले नाही. नाटक कोणते, दिग्दर्शन कोण करणार, तालीम किती वाजता सुटते, मुलींना घरी कोण पोचवणार, असे चार रोखठोक प्रश्न विचारले. प्रश्न योग्यच होते. शेवटच्या प्रश्नाचे आमच्याकडे नीट उत्तर नव्हते, हे मला त्यांच्यासमोर मान्य करावे लागले. त्याच दिवशी शिक्षकांची बैठक घेऊन वेळ बदलली. उठताना त्यांनी आणखी एक विचारले: नाटकात नातीला नऊवारी नेसायची आहे का? हो म्हटल्यावर म्हणाले, की शाळेतल्या बाया ती पिना लावून नेसवतील आणि दुसऱ्या अंकात ती सुटेल. नेसवायची कशी ते ते येऊन दाखवतील.

फलकावरची यादी आहे तशीच ठेवली आहे. तालीम सोमवारपासून शाळा सुटल्यावर लगेच सभागृहात होईल आणि संध्याकाळी साडेपाचला संपेल. ज्या मुलींना न्यायला घरून कोणी येऊ शकत नाही त्यांची नावे पालकांनी कार्यालयात द्यावीत. त्यांना पोचवण्याची जबाबदारी शाळेची राहील.

मुख्याध्यापिका